एकोणीस पावले

"थांब. परत दारात जा. सहाच टाकलीस."

"सात टाकली, ताई."

"सहा. आणि सहावं घाईत. आईला नाही म्हणायचंय तुला, सुटलेली गाडी पकडायची नाहीये."

तालमीच्या खोलीत हशा पिकला. ज्याला सगळे लंबू म्हणत, तो उंच नट कान खाजवत खडूने आखलेल्या दारापाशी परत गेला आणि पुन्हा चालत आला. या वेळी सात पावले पडली. ताईंनी मान हलवली. मान तशी खालीच होती, हनुवटी जवळजवळ छातीला टेकलेली, हात मांडीवर. समोर त्या बघतसुद्धा नव्हत्या.

"न बघता बघतात," आक्का मोठ्याने म्हणाल्या. नाटकातल्या आईचे काम त्यांच्याकडे होते. "पाठीलासुद्धा डोळे आहेत आमच्या ताईंना."

ताई हसल्या. पाठीला होते की नाही कोण जाणे, पण जिथे असायला हवेत तिथले डोळे गेली तीन वर्षे हळूहळू जात चालले होते.

वहीच्या पानावर मधोमध शाई सांडली, की कडेचा मजकूर वाचता येतो, मधला जातो. ताईंचे तसे झाले होते. खोलीच्या कडा दिसत, दाराची चौकट दिसत असे, जिन्याचा कठडाही सापडे. त्यामुळे काठी लागत नव्हती आणि कुणाला शंकाही येत नव्हती. पण ज्याच्याकडे बघावे, तोच नाहीसा होई. माणूस समोर आला की त्याच्या चेहऱ्याच्या जागी राखाडी धुके असे. "मधला भाग जाईल, कडा राहतील," असे डॉक्टरांनी सांगितले होते, तेव्हा ताई म्हणाल्या होत्या, "म्हणजे विंगा दिसतील, रंगमंच दिसणार नाही." डॉक्टरांना ते कळले नाही. सोबत आलेल्या धाकट्या बहिणीला कळले आणि तिने तोंड फिरवले.

धाकटीखेरीज कुणालाच हे ठाऊक नव्हते. निदान ताईंची तशी खात्री होती.

आणि त्यांचे अडतही नव्हते. कारण नाटक त्या कानांनी बसवत. लाकडी फळ्यांवर पडणाऱ्या पावलांवरून त्यांना सगळे कळे. कोण चालले, कुठून कुठे चालले, कुठे अडखळले, मनात काय ठेवून थांबले. ही विद्या आजची नव्हती. ती त्या नऊ वर्षांच्या असताना मिळालेली होती.

तेव्हा त्या मास्तरांच्या नाचाच्या वर्गाला जात. मास्तर म्हणजे वाळलेल्या शेंगेसारखा माणूस. वर्ग संपायच्या आधी ते रोज एक खेळ घेत. खोलीच्या मधोमध चटईवर आडवे होत, डोळे मिटत आणि म्हणत, "मी झोपलो. आता एकेकीनं या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत जायचं. मी जागा झालो, की ती बाद." मुली श्वास रोखून निघत. तिसऱ्या-चौथ्या पावलाला मास्तर डोळे न उघडताच म्हणत, "वेणीवाली, बाद." "उजव्या पायात जोर आहे, तू ती जाडी, बाद." मुली फिदीफिदी हसत. वर्षभर कुणीच पलीकडे पोचले नाही. मग एके दिवशी एक काटकुळी मुलगी पलीकडच्या भिंतीला हात लावून उभी राहिली आणि तरीही मास्तर काही बोलले नाहीत. बऱ्याच वेळाने त्यांनी विचारले, "निघाली का गं ती?" सगळा वर्ग ओरडला, "पोचलीसुद्धा!" मास्तर उठून बसले. त्यांनी त्या मुलीकडे नीट पाहिले आणि एवढेच म्हणाले, "पायाचा आवाज आला, म्हणजे माणूस स्वतःचं वजन दुसऱ्याच्या अंगावर टाकतो. तू टाकलं नाहीस."

ती काटकुळी मुलगी म्हणजे ताई. ते वाक्य त्यांनी आयुष्यभर सांभाळले.

पुढे त्या नाचू लागल्या. आधी समूहात, दुसऱ्या ओळीत, डावीकडून तिसऱ्या. मग पहिल्या ओळीत. मग एकट्या. चौतिसाव्या वर्षी एका उडीनंतर गुडघ्यात काहीतरी कट्कन तुटले आणि नाच तिथेच थांबला. त्यानंतरचे दिवस त्यांना नीट आठवत. सगळे एकदम फार चांगले वागू लागले होते. कुणी हात धरी, कुणी खुर्ची पुढे करी. आणि खुर्ची पुढे करणाऱ्या त्याच माणसांनी महिन्याभरात तालमीला बोलावणे बंद केले. त्यात वाईट हेतू नव्हता. खुर्चीवर बसलेल्या बाईला नाचायला कोण बोलावणार?

वर्षभराने एका नाटकवाल्याला मोलकरणीच्या कामासाठी बाई हवी होती. एकही वाक्य नाही. पाण्याचा पेला घेऊन रंगमंच ओलांडायचा आणि परत जायचे. ताईंनी तो असा ओलांडला, की दुसऱ्या दिवशी लोक नायिकेबद्दल कमी आणि पेल्याबद्दल जास्त बोलत होते. नायिका आठवडाभर ताईंशी बोलली नाही. मग वाक्ये मिळाली, मोठी कामे मिळाली. त्याच सुमारास इतरांना नाच बसवून द्यायला सुरुवात झाली. नाच बसवता बसवता एक दिवस दिग्दर्शक आजारी पडला आणि उरलेले नाटकही ताईंनीच बसवले. त्यालाही आता सव्वीस वर्षे झाली होती. गुडघ्याने नेले ते असे दुसऱ्या दारातून परत आले होते. म्हणून डोळ्यांचे त्यांनी कुणाला सांगितले नाही. पुन्हा कुणी खुर्ची पुढे करायला नको होती.

या नाटकातले त्यांचे सगळे लक्ष शेवटच्या प्रवेशावर होते. बारा वर्षांपूर्वी भांडून गेलेली मुलगी घरी येते. आई खुर्चीतच झोपलेली असते. शेजारी एक दिवा, बाकी अंधार. मुलगी दारातून टेबलापर्यंत येते, घराची किल्ली टेबलावर ठेवते आणि आईला न उठवता निघून जाते. एकही शब्द नाही. येताना एकोणीस पावले, जाताना एकोणीस. हा प्रवेश म्हणजे मास्तरांचा खेळ होता. दुसरे काही नाही. त्या एकोणीस पावलांसाठीच ताईंनी हे नाटक निवडले होते.

आणि तोच प्रवेश बसत नव्हता.

मुलीचे काम चिमणी करत होती. चिमणी आता छत्तीस वर्षांची होती, तिला एक मुलगी होती, तरी सातव्या वर्षी मिळालेले नाव सुटले नव्हते. ताई स्वतः घेत त्या नाचाच्या वर्गात ती आली तेव्हा खिडकीत चढून बसायची, म्हणून चिमणी. मास्तरांसारख्याच ताई चटईवर झोपत, तेव्हा पलीकडच्या भिंतीला पोचलेली त्यांच्या तीस वर्षांतली ती एकटीच होती. आणि तीच चिमणी आता टाक्, टाक्, टाक् करत रंगमंच ओलांडत असे.

"अगं, आईला उठवायचं नाहीये," ताई चिडून म्हणत. "तू तर अख्खी आळी उठवतेस. काय झालंय तुझ्या पायांना?"

"वय झालं, ताई," चिमणी म्हणे.

"माझ्यासमोर वयाच्या गोष्टी करू नकोस."

असे रोज चाले.

प्रयोगाला चार दिवस उरले तेव्हा तालीम नाट्यगृहात गेली. त्या सकाळी ताई रंगमंचावर चढल्या आणि दोन पावलांतच थबकल्या. पायाखाली काहीतरी मऊ होते.

"हे काय?"

"जाजम," मिस्त्री म्हणाले. नाट्यगृहाचे सुतारकाम गेली चाळीस वर्षे ते बघत. नाचणाऱ्या ताई त्यांनी पाहिलेल्या होत्या. "खालच्या दोन फळ्या कुजल्यात. बदलायला वेळ नाही, तर वरनं हे अंथरून टाका, असं मंडळाची समिती म्हणाली. चांगलं जाड आहे."

"काढा ते."

"आणि कुणाचा पाय आत गेला तर? एक गुडघा दिलात ना तुम्ही ह्या रंगमंचाला, बास झालं."

ताई काठाकाठाने खाली उतरल्या. तिसऱ्या ओळीतल्या आपल्या खुर्चीत जाऊन बसल्या. पहिला अंक सुरू झाला आणि त्यांच्या लक्षात आले, की आज आपल्याला काहीच दिसत नाही. पावले बुडून गेली होती. लंबू बोलला तेव्हा कळले, की तो खिडकीपाशी आहे. तो तिथे कधी गेला, हे कळले नाही. ताईंनी दोनदा काहीतरी बोलायला तोंड उघडले आणि मिटले. वाक्यांवरून जेवढे ओळखता येईल तेवढे ओळखून त्यांनी दोन अंक काढले.

शेवटचा प्रवेश आला. दिवे गेले. एक पिवळा डाग तेवढा उरला, तोही ताईंच्या नजरेच्या कडेला. नेहमीप्रमाणे ताई मनात मोजू लागल्या. दार. एक. दोन. तीन. आवाज नाही. चार, पाच. आज टाक्-टाक् नाही. सात, आठ. जाजमाने चांगलेच केले म्हणायचे, त्यांना वाटले. की चिमणीला शेवटी सापडले? बारा, तेरा. ताईंच्या अंगावर काटा आला. तालीम बघणारी चार माणसेसुद्धा श्वास रोखून होती. एकोणीस. किल्ली ठेवायला चार मात्रा. मग परत. एक, दोन, तीन. सव्वीस वर्षांत रंगमंचावर एवढी शांतता त्यांनी ऐकली नव्हती. एकोणीस.

"शाब्बास," ताई म्हणाल्या. "शाब्बास गं चिमणे. आज पहिल्यांदा चाललीस. हेच हवं होतं मला. एवढंच हवं होतं."

कुणीच काही बोलले नाही.

एवढे कौतुक झाल्यावर नेहमी आक्का काहीतरी बोलत. लंबू शीळ घाली. आज लंबू नुसता खोकला. आक्कांची खुर्ची करकरली. आणि मग फार उशिरा चिमणीचा आवाज आला, "हो ताई."

तो आवाज दारामागून आला होता. दारामागच्या विंगेतून, डाव्या बाजूने, खोल. त्याच्या पाठोपाठ कापड फाटल्याचा बारीक आवाज आला.

ताईंनी मांडीवरची वही मिटली.

"चहा घ्या सगळ्यांनी," त्या म्हणाल्या.

रंगमंचामागे मिस्त्रींची खोली होती. तिथे सरसाचा आणि भुश्शाचा वास कायमचा मुरलेला होता. ताई चौकटीला हात लावत आत गेल्या आणि स्टुलावर बसल्या.

"मिस्त्री, मघाशी रंगमंचावर कोण होतं?"

"आक्का होत्या."

"आणि?"

मिस्त्रींनी हातातला रंधा खाली ठेवला. "टेबल होतं. दिवा होता."

"मी टेबलाला शाबासकी दिली का?"

"तिचा पदर दाराच्या खिळ्यात अडकला," मिस्त्री म्हणाले. "खिळा माझाच, चूक माझीच. ती बिचारी सोडवत बसली. वाटलं, तुम्ही थांबवाल, ओरडाल. तुम्ही थांबवलंच नाही. मग कुणाला काय करावं सुचेना."

बाहेर कपबश्या वाजत होत्या, पण बोलण्याचा आवाज नव्हता.

"कधीपासून ठाऊक आहे?"

"कुणाला?"

"मिस्त्री, मी आंधळी होतेय, खुळी नाही होत."

मिस्त्रींनी सुस्कारा सोडला. "मागच्याच्या मागचं नाटक. दोन वर्षं होऊन गेली. तुम्ही लंबूला आक्का समजून बोललात एकदा, आठवतं? त्या वेळी सगळे हसले. पण चिमणी हसली नाही. दुसऱ्या दिवशी ती माझ्याकडे सगळ्यांच्या चपला-बूट घेऊन आली. म्हणाली, मिस्त्री, टाचेला नाल ठोकून द्या."

"काय?"

"लोखंडाचा नाल. छोटासा, बुटाच्या टाचेला असतो तसा. म्हणाली, ताईंना पावलं ऐकू आली की सगळं नीट होतं. फक्त आवाज मोठा हवा. प्रत्येकाचा वेगळा ठोकलाय मी. लंबूला दोन, आक्कांना एक मागे, चिमणीला एक पुढे. म्हणजे तुम्हाला ओळखू यावं." मिस्त्रींच्या आवाजात नकळत थोडा अभिमान आला होता. मग तो उतरला. "चांगल्यासाठी केलं, ताई."

ताईंना एकाएकी मागच्या नाटकाचे परीक्षण आठवले. धाकटीने वर्तमानपत्रातून वाचून दाखवले होते. 'संवाद उत्तम, पण पात्रे रंगमंचावर चालतात की लाकडे फोडतात, असा प्रश्न पडतो.' ताई म्हणाल्या होत्या, "ह्याला कानच नाहीत." धाकटी म्हणाली होती, "तुला आहेत ना, मग झालं." त्याच्या आधीच्या नाटकाबद्दलही कुणीतरी असेच काही लिहिले होते. तेव्हा ताईंनी सगळ्या नटांना ओळीत उभे करून झापले होते, की असे लोक का लिहितात? आणि सगळे मान खाली घालून ऐकत उभे होते. एकानेही टाच वर करून दाखवली नाही.

लंबूची ती सात पावले, आक्कांचे ते पाठीचे डोळे. दोन वर्षे त्या नाटक बसवत नव्हत्या. दोन वर्षे सगळी मंडळी मिळून त्यांना बसवत होती.

"चिमणीला पाठवा," त्या म्हणाल्या.

चिमणी आली. ताईंना दिसले ते एवढेच, की चौकटीतला उजेड अडला. पण खोलीत येताना तिने चप्पल बाहेर काढली होती. पाय वाजला नाही.

"ये. आता का गं आवाज नाही आला?"

चिमणी चौकटीतच उभी राहिली.

"तुझ्या पायांना काय झालंय म्हणून मी महिनाभर तुझं डोकं खाल्लं. तू ऐकून घेतलंस."

"ऐकायचंच होतं ना, ताई."

"माझ्या दोन नाटकांचं वाटोळं केलंत तुम्ही."

"वाटोळं?" चिमणीचा आवाज चढला. लहानपणी खिडकीतून उतर म्हटले की असाच चढायचा. "तुम्ही नसतात तर ती दोन नाटकं झालीच नसती. तुम्ही एकदा बोलला असतात की दिसत नाही, तर समितीनं दुसऱ्या दिवशी दुसरा माणूस आणून बसवला असता. तुम्हाला काय वाटतं, मला आवडत होतं घोड्यासारखं चालायला? माझी मुलगी म्हणाली, आई, तू एवढी का आपटतेस गं?"

"मला विचारायचं होतंस."

"तुम्ही सांगायचं होतंत."

मिस्त्री दाराबाहेरच कुठेतरी उभे होते. त्यांच्या विडीचा वास आत येत होता.

"तू आत आलीस तेव्हा जे मी ऐकलं ना," ताई म्हणाल्या, "ते नाटकात हवंय."

"काय ऐकलंत?"

"काहीच नाही. तेच हवंय."

चिमणी जवळ आली आणि जमिनीवर बसली. "पण ताई, मग तुम्हाला कळणार कसं? मी चुकले तर? दिवा लवकर गेला तर?"

"नाही कळणार."

"मग बसवणार कसं?"

"हा प्रवेश मी बसवून झालाय. तुझ्या आठव्या वर्षी बसवलाय मी तो. चटईवर." ताईंनी हात पुढे केला. तो आधी चिमणीच्या खांद्याला लागला, मग डोक्याला. "सगळ्यांच्या टाचांचे नाल काढायला सांग मिस्त्रींना. आज, आत्ता. उरलेले चार दिवस तू समोर बसून बघायचंस. तुझ्या प्रवेशाला आक्का बघतील."

"आक्का तर झोपलेल्या असतात त्यात."

"एक डोळा उघडा ठेवून झोपते ती, मला ठाऊक आहे. ऐकू येतं मला." चिमणी हसली. हसता हसता तिने ताईंच्या गुडघ्यावर कपाळ टेकले. त्याच तुटलेल्या गुडघ्यावर. ताईंनी पाय हलवला नाही.

"आणि पुढचं नाटक?" चिमणीने तसेच खाली बघत विचारले.

"ते तू बसव."

"ताई—"

"रडायचं असेल तर बाहेर जाऊन रड. इथे सरस उघडा आहे, चिकटशील."

त्या दुपारी मिस्त्रींनी पक्कड घेऊन एकेक नाल उपटला. ताई शेजारी बसून ऐकत होत्या. उपटताना खिळा किरकिर करी आणि मग नाल पत्र्याच्या डब्यात पडे. लंबूचे दोन. आक्कांचा एक. चिमणीचा निघता निघेना.

"हिचा फार घट्ट बसलाय," मिस्त्री म्हणाले.

"टाकू नका ते," ताई म्हणाल्या. "मला द्या."

समितीला त्यांनी त्याच दिवशी स्वतःच सांगितले. समितीच्या माणसांनी फार हळहळ व्यक्त केली. त्यातल्या एकाने लगेच उठून त्यांच्यासाठी खुर्ची पुढे केली.

पहिला प्रयोग रविवारी दुपारी चारला होता. धाकटीने ताईंच्या साडीच्या निऱ्या नीट केल्या आणि म्हणाली, "आज घाबरल्यासारखी का दिसतेस? कधी नव्हे ते."

"आज मला काही करायचं नाहीये," ताई म्हणाल्या. "मग घाबरू नको तर काय करू?"

दोघी तिसऱ्या ओळीत बसल्या. नाट्यगृह भरले होते. पहिला अंक झाला, दुसरा झाला. लोक हसले तिथे ताईंनी हसणे ऐकले, लोक गप्प झाले तिथे गप्प होणे ऐकले. रंगमंचावरून फक्त बोलणे येत होते. बोलण्याच्या मधल्या जागा रिकाम्या होत्या. त्या जागांमध्ये माणसे चालत असणार, उठत असणार, एकमेकांकडे पाठ फिरवत असणार. ताईंनीच सांगितले होते तसे. किंवा चिमणीने नंतर बदलले असेल तसे. विचारायचे नाही, असे त्यांनी ठरवले होते.

शेवटचा प्रवेश आला. दिवे गेले. नजरेच्या कडेला तेवढा पिवळा डाग उरला.

ताईंनी मोजायला सुरुवात केली नाही. मोजले की वाट बघणे आले.

नाट्यगृहात शांतता उतरली. आधी साधी शांतता होती, कुणी खोकले, कुणाची पिशवी सळसळली. मग तेही थांबले. शेजारच्या खुर्चीतल्या अनोळखी बाईचा श्वास अडकल्याचे ताईंना कळले. मागच्या ओळीत कुणीतरी पुढे वाकले असावे, खुर्चीची कड हलली. चारशे माणसे एका झोपलेल्या आईला जाग येऊ नये म्हणून अंग चोरून बसली होती.

धाकटी ताईंच्या कानाशी वाकली. "आता ती टेबलापाशी—"

ताईंनी तिच्या मनगटावर हात ठेवला. "सांगू नकोस."

"अगं, पण तुला—"

"श्श. मी झोपलेय."

ताईंनी डोळे मिटले. मिटले काय, न मिटले काय, पण त्यांनी मिटले. डाव्या मुठीत त्यांनी ते नाल धरले होते, चिमणीचा, आक्कांचा, लंबूचे दोन. पदराखाली घट्ट, एकमेकांवर वाजू नयेत म्हणून. लोखंड हाताच्या उबेने गरम झाले होते.

किती वेळ गेला त्यांना कळले नाही. मुलगी आली होती की निघून गेली होती, तेही कळले नाही.

मग कुठेतरी मागे एकाने टाळी वाजवली आणि पाठोपाठ सगळे नाट्यगृह उठले. खुर्च्या धडाधड मिटल्या. धाकटी उभी राहून रडत टाळ्या वाजवत होती. शेजारची बाई वाजवत होती. ताईही उभ्या राहिल्या.

सगळे टाळ्या वाजवत होते. ताईंनी मूठ तेवढी उघडली नाही.